अर्ध्या तोंडाचा फोटो

एकोणीस फोटो होते, आणि एकोणीसच्या एकोणीस बिघडलेले होते, असं जानराव तायडेचं मत झालं.

मत त्याने कुणाला सांगितलं नाही. बिघडलेलं दुरुस्त करायचं हेच त्याचं काम. अकोल्यात टिळक रोडच्या एका बोळात गफ्फारभाईंचा फोटो स्टुडिओ होता. गफ्फारभाई पुढे कॅमेऱ्याशी उभे राहून "हिलना नै" म्हणायचे, आणि मागच्या खोलीत खिडकीशी जानराव बसायचा. त्याच्यापुढे उतरत्या फळीची पेटी, फळीत दुधी काच, खाली आरसा. खिडकीतला उजेड आरशावर पडून काचेतून वर यायचा. त्या काचेवर निगेटिव्ह ठेवायची आणि सुईसारखं टोक केलेल्या पेन्सिलीने तिच्यावर ठिपके द्यायचे. निगेटिव्हवर जिथे पेन्सिल लागते, तिथे छापल्यावर उजेड दिसतो. विद्या एवढीच. तेवीस वर्षं तो ती करत होता.

मुरूम घालवायचे. सुरकुत्या घालवायच्या. देवीचे वण भरायचे. मयत माणसाला खुर्चीवर बसवून काढलेला फोटो आला तर त्याचे मिटलेले डोळे उघडून द्यायचे, आणि बुबुळात एक उजेडाचा ठिपका ठेवायचा म्हणजे घरच्यांना तो आपल्याकडे पाहतो असं वाटतं. सगळ्यात जास्त काम लग्नाच्या पोरींचं. पोरीची आई म्हणायची, "जरा उजळ करा जी." बाप काही म्हणायचा नाही, नुसता पाहायचा.

निगेटिव्हमध्ये सगळं उलटं. गोरा माणूस कोळसा, सावळा माणूस दुधासारखा. संध्याकाळी स्टुडिओच्या बाहेर पडलं की पहिली दहा-बारा माणसं जानरावला चुकीची वाटायची. मग डोळे ताळ्यावर यायचे.

तर एकोणीस. अमरावतीच्या कॉलेजात इंग्रजी शिकवणाऱ्या खुशालरावांनी तिथे एक चित्रमंडळ काढलं होतं. परदेशातले सिनेमे आणायचे, पाहायचे, त्यावर बोलायचं. दिल्लीच्या एका वकिलातीने त्यांना पोलंडमधल्या एका छायालेखकाच्या सिनेमांतले फोटो महिन्याभराच्या बोलीवर पाठवले होते. पोस्टकार्डाएवढे. ते हॉलच्या भिंतीवर लावण्याजोगे मोठे करून हवे होते. गफ्फारभाईंनी प्रत्येकाचा फोटो काढला, निगेटिव्ह धुतली, वाळवली आणि रोजच्यासारखी जानरावच्या ट्रेमध्ये ठेवली. कुणी काही सांगितलं नाही. सांगावं लागेल असं कुणाला वाटलंच नाही.

खिडकीपाशी बसलेली बाई: उजवा गाल आहे, डावा नाही. शिपाई: नाकाच्या पलीकडे नुसती शाई. ओल्या रस्त्यावरचा म्हातारा: टोपी आहे, तोंड नाही. जानरावने नऊ दिवस मान वर केली नाही. बाईच्या उजव्या गालावरून डावा बेतला. शिपायाला कान दिला. म्हाताऱ्याला तर अख्खं तोंड दिलं, आणि रस्ता मधेच चमकत होता तो डाग समजून आजूबाजूचं काळं उजळून बुजवला.

खुशालराव आले ते ग्राहकाच्या स्टुलावर बसूनच फोटो पाहू लागले. त्यांच्या मागे रंगवलेला पडदा होता: तळं, तळ्यात हंस, काठावर महाल.

"याला कान कुणी दिला?"

"म्या देल्ला जी," जानराव म्हणाला. "लय खराब होते सायेब. म्हाताऱ्याले त चारदा हात मारा लागला."

हंसापुढे बसल्या बसल्या खुशालरावांनी शिपाई मांडीवर पालथा ठेवला. एरवी ते पुस्तकासारखं बोलायचे; आता घरचं बोलले.

"अरे जानराव, तो अंधार पाह्याले लोकं येनार होते बापा."

*

पट्ट्याही जानरावनेच लिहायच्या होत्या, त्याचं अक्षर मोत्यासारखं म्हणून. प्रत्येक फोटोखाली एक. मजकूर खुशालरावांनी इंग्रजीतून उतरवून दिला होता. त्यातली ही पहिली:

*चित्र १. लुदोमिर ब्जोस्तेक, कॅमेऱ्यामागे. जन्म कापडगिरण्यांच्या गावी. युद्ध संपल्यावर उद्ध्वस्त शहरांची वार्तापत्रे चित्रित केली. त्या काळी त्याच्या पथकापाशी एकच दिवा होता.*

"एकच दिवा," जानराव म्हणाला. "मंग बराबर हाये. एका दिव्यात अर्धंच तोंड येनार. बिचारा काय करन."

"तसं नाही. पुढे त्याचं नाव झालं. बक्षिसं मिळाली, मोठे स्टुडिओ मिळाले, एका वेळी बारा-बारा दिवे मिळाले."

"आन मंग?"

"मग तो त्यातला एक लावायचा."

"बाकीचे अकरा?"

"बंद."

जानरावने लेखणी बाजूला ठेवली. "काहून?"

खुशालरावांनी तोंड उघडलं, मिटलं, पुस्तिका उघडली, एक पान मागे गेले, दोन पुढे आले. चष्मा पुसला.

"इथं दिलेलं नाही," ते म्हणाले.

पुढून गफ्फारभाईंचा आवाज आला, "अपने यहाँ तो बिजली जाए तब निकलता ऐसा फोटो. दूसरे दिन पार्टी वापस लाके देती."

पेन्सिल काढायला स्पिरिट आणि कापूस पुरतो. नऊ दिवसांचं काम एका दुपारी गेलं. म्हाताऱ्याचं तोंड गेलं, शिपायाचा कान गेला. शेवटी बाईच्या डाव्या डोळ्यावरून कापूस फिरवताना जानराव थांबला. तेवीस वर्षांत त्याने कितीक डोळे उघडले होते. मिटत आज पहिल्यांदा होता. त्याने कापूस फिरवला, पण त्याला ते बरोबर वाटलं नाही. चूकही वाटलं नाही. काय वाटलं हे त्याला घरी जाईपर्यंत ठरवता आलं नाही, आणि घरी वेगळंच चाललेलं होतं.

*

*चित्र ३. खिडकीपाशी स्त्री. दिग्दर्शकाने "चेहरा दिसत नाही" अशी तक्रार केली तेव्हा ब्जोस्तेक म्हणाला, "जेवढा तिने दाखवला तेवढा दिसतो."*

(ही पट्टी जानरावने तीनदा लिहिली. दोनदा "जेवढा"च्या पुढे शाई सांडली.)

घरी शकुनच्या सोयरिकीचं चाललं होतं. शकुन त्याची थोरली, नगरपालिकेच्या शाळेत मास्तरीण, वीस वर्षांची, रंगाने आपल्या आजीवर गेलेली, म्हणजे चांगलीच सावळी. अमरावतीच्या पुंजाजींचा मुलगा शेषराव जिल्हा परिषदेत कारकून होता. धम्म घेतल्यापासून पुंजाजींकडे हुंडा नाही, मानपान नाही, पत्रिका नाही. फोटो मात्र हवा. त्यांनी मुलाचा आधीच पाठवला होता.

तो फोटो घरात सगळ्यांनी पाहिला. जानरावने दुसऱ्या दिवशी तो स्टुडिओत नेला आणि भिंगाखाली धरला. गालांवर दाट, बारीक, एकसारखे ठिपके. दुसऱ्या कारागिराची पेन्सिल तो ओळखायचा, जशी माणसं ओळखीच्याचं अक्षर ओळखतात. एवढे ठिपके मुरुमांना लागत नाहीत. देवी. दोन्ही गालांवर, हनुवटीपर्यंत.

घरी येऊन तो एवढंच म्हणाला, "पोट्टा बरा हाये."

"आता हिचा काढा," दुर्गाबाई म्हणाली. ती त्याची बायको, आणि तिला हे काम कसं होतं हे पुरतं ठाऊक होतं. "आन घरची पोरगी हाये म्हून पेन्सिल आखडती घेऊ नोका."

शकुन वह्या तपासत होती. तिने मान वर केली नाही. "बाबा, तुमी मले कितीक गोरं करसान?"

"जितकं लागन तितकं."

"फोटो गोरा जाईन. मंग मी कोठी जाऊ?"

"चूप बस वो," दुर्गाबाई म्हणाली. "साऱ्याइच्या पोरी तशाच गेल्या. तुह्या बापाच्याच हातानं गेल्या."

ते खरं होतं.

*

*चित्र ७. पावसानंतरचा रिकामा रस्ता. चित्राचा नव्वद टक्के भाग*

काळा, असं पुढे होतं. पण पट्टी तिथेच थांबली, कारण जानरावला फोटोची वरची बाजू कुठली ते कळेना. सगळीकडे काळं, आणि एका कोपऱ्यात पांढरा डाग. डाग खाली असेल तर ते डबकं. वर असेल तर दिवा. मागचा शिक्का आडवा मारलेला. खुशालरावांना विचारलं तर त्यांनी फोटो एकदा असा धरला, एकदा तसा, आणि म्हणाले, "ब्जोस्तेकच्या बाबतीत हा प्रश्न गौण आहे."

"उल्टा टांगा तो बी पोलंडच रहेगा," गफ्फारभाई म्हणाले.

त्याच दिवशी दुपारी शाळा सुटल्यावर शकुन फोटोसाठी आली. निळं लुगडं, पावडर नाही. आईने दिलेली डबी पिशवीत तशीच होती. गफ्फारभाईंनी डावा-उजवा दोन्ही दिवे लावले, एक फोटो घेतला, दुसरा घेतला. हजार-हजार वॉटचे बल्ब. शकुनने डोळे बारीक केले होते, कपाळाला आठी, आणि हसू ओठांवर कुणी आणून ठेवल्यासारखं.

जानराव पडद्याशी उभा होता. त्याने पुढे होऊन डाव्या दिव्याचं बटण खाली केलं.

"क्या हुआ, बल्ब गया?" गफ्फारभाई म्हणाले.

"नाई. बंद केला."

"क्यूँ?"

हा प्रश्न त्याने आठ दिवसांपूर्वी दुसऱ्याला विचारला होता. आता त्याच्याजवळही तेवढंच उत्तर होतं. त्याने हात बटणावरच ठेवला. गफ्फारभाईंनी त्याच्याकडे पाहिलं, मग शकुनकडे. एका बाजूची ऊब गेल्याबरोबर शकुनचं कपाळ सैल झालं होतं. डोळे पूर्ण उघडले. ती हसायची थांबली आणि बसली, घरी ओट्यावर बसते तशी. गफ्फारभाईंनी "हिलना नै" न म्हणताच तिसरा फोटो घेतला.

*

निगेटिव्हमध्ये शकुन पांढरीफेक होती.

जानरावने दोन दिव्यांतली निगेटिव्ह काचेवर ठेवली. पेन्सिल धरावी म्हणून तिच्यावर मीडियमचं औषध लावलं, पेन्सिलीला टोक काढलं. डोळ्याखाली सुरुवात केली. चाळीसेक ठिपके दिले असतील, आणि हात आपोआप पुढे सरकत होता, गालाच्या हाडावरून खाली, मग कानाकडे वळण. त्याला ते वळण ओळखीचं वाटलं. हाच गाल त्याने बाळापूरच्या पोरीला दिला होता. कारंज्याच्या दोघी बहिणींना हाच. मूर्तिजापूरच्या मास्तरच्या मुलीला हाच. तेवीस वर्षं तो एकच गाल करत होता की काय? की पोरीच तशा होत्या? त्याने जुन्या निगेटिव्हचा खोका काढून चार-पाच उजेडात धरल्या. त्यातून काही ठरेना. त्याने पेन्सिल ठेवली.

मग एका दिव्याची घेतली. एक बाजू राखाडी. दुसरी बाजू नुसती पारदर्शक, तिच्यातून खालची दुधी काच दिसत होती आणि वरच्या चकाकीत त्याची स्वतःची हनुवटी. इथे भरायला भरपूर जागा होती. त्याने एक ठिपकासुद्धा दिला नाही.

दोन्ही छापले. दोन्ही टेबलावर होते. पाकीटही होतं. पुढे दुर्गाबाईला तो सांगायचा की हाताला जो लागला तो गेला. पण पाकिटावर पुंजाजींचा पत्ता लिहिताना आत कुठला आहे हे त्याला माहीत होतं. का, हे माहीत नव्हतं. पोलंडच्या माणसाला तरी कुठे माहीत होतं? की होतं, आणि पुस्तिकेत दिलेलं नव्हतं?

*

*(पट्टी कोरी.)*

पुढच्या रविवारी, न कळवता, पुंजाजी, त्यांची बायको सुंदराबाई आणि शेषराव दाराशी उभे. सकाळच्या गाडीने आले होते. दुर्गाबाईची धांदल झाली. तरी चहा झाला, पोहे टाकले. शेषराव आतल्या बाजूला कणगीजवळ भिंतीला टेकून बसला होता, अंधारात. खाली पाहत होता.

सुंदराबाईने चहाला हात लावला नाही. "पोरीले इकडं उजेडात बसवा बाई."

शकुन दाराजवळ येऊन बसली.

"दुसऱ्या गालाले काय झालं?"

"कोन्त्या गालाले?" दुर्गाबाई म्हणाली.

सुंदराबाईने पिशवीतून फोटो काढून सतरंजीवर ठेवला. दुर्गाबाईने तो पहिल्यांदाच पाहिला. मग तिने नवऱ्याकडे पाहिलं, आणि पोहे हलवायचे थांबले.

पुंजाजी शांत माणूस होते. शांतपणेच म्हणाले, "रागावू नोका जानरावभाऊ. आमच्या गल्लीत चार जनांनी पाह्यला. एक म्हने जळालं असन. एक म्हने कोड असन. फोटोवाल्याच्या घरचा फोटो, ज्याच्या हातानं दुनियेच्या पोरी उजळ होते, आन त्याच्याच पोरीचं अर्धं तोंड झाकलेलं. झाकासारखं नसन त झाकलं काहून?"

"झाकलं नाई. तो उजेड तसा हाये," जानराव म्हणाला. "पोलंडमंदी एक मानूस हाये. त्याच्यापाशी पयले एकच दिवा होता..."

"हं."

"मंग बारा आले."

"मंग?"

"मंगही तो एकच लावे."

पुंजाजींनी थोडा वेळ वाट पाहिली. गोष्टीला पुढे काही असेल असं त्यांना वाटलं असावं. "पोलंडचा मानूस आपल्या सोयरिकीत कोठून आला भाऊ?"

ते सगळं आपल्या डोक्यात होतं तेव्हा एवढं येडपटासारखं नव्हतं, एवढं जानरावला आठवत होतं.

शकुन उठली. दारात, उन्हात, उभी राहिली. डावा गाल पुढे केला. ठेवला तसाच. मग उजवा केला, तोही ठेवला. मधल्या वेळात रस्त्यावरून एक सायकलवाला गेला आणि त्यानेही पाहिलं. मग ती आत येऊन बसली.

"आता तुमी," ती शेषरावला म्हणाली.

"मी काय?"

"उजेडात या ना. तुमी आल्यापासून अंधारात बसले."

शेषराव आईकडे न पाहता उठला आणि दारात जाऊन उभा राहिला. ऊन त्याच्या गालांवर पडलं. प्रत्येक वणात सावली, जशी पेरलेल्या वावरात असते.

"फोटोत त..." दुर्गाबाई म्हणाली.

"फोटोत पेन्सिल हाये," जानराव म्हणाला.

त्याला ते म्हणायचं नव्हतं. कारागीर बोलून गेला. शकुनने बापाकडे वळून पाहिलं. पुंजाजींकडे नाही, शेषरावकडे नाही.

"तुमाले ठाऊक होतं?"

"...हाव."

"कवापासून?"

"पयल्या दिवसापासून."

सुंदराबाईने फोटो उचलला, पिशवीत ठेवायला गेली, पुन्हा सतरंजीवर ठेवला. पुंजाजी म्हणाले, "कळवतो." चार दिवस कुणाचं काही कळलं नाही.

*

या चार दिवसांत दुर्गाबाई त्याच्याशी बोलली नाही. शकुन एकदाच बोलली. शाळेत पोरांना गणित समजावते तशी, बोटांवर.

"त्याहीनं झाकलं ते तुमाले समजलं. तुमी मले नाई सांगतलं. माह्या तोंडावर झाकासारखं काहीच नव्हतं, ते तुमी अर्धं झाकलं. मले समजून सांगा बाबा."

"दुसऱ्या कारागिराचं काम उघडं करत नाईत," तो म्हणाला. "आमच्यात तसं हाये."

"आन माहं?"

"तुहा फोटो मले दुरुस्त करावा नाई वाटला."

"हे तुमी मले आधी सांगतलं असतं," ती म्हणाली, "त मी तोच पाठवा म्हनली असती. दोन्ही माह्यापुढं ठेवाचे होते. फोटो माहा होता न."

*

*चित्र १२. बर्फ. उत्तरार्धात ब्जोस्तेक अंधाराकडून पांढऱ्याकडे वळला. माणसे बर्फात ठिपक्याएवढी. एका मुलाखतीत तो म्हणतो: माझ्या चित्रांत उजेड माणसापाशी जात नाही. माणसाने उठून उजेडापाशी जावे.*

अमरावतीचा हॉल. गफ्फारभाई आणि जानराव एस.टी.च्या टपावर खोका बांधून घेऊन आले होते. फोटो टांगून झाले. चित्र ७ जानरावने डाग वर ठेवून टांगलं, गफ्फारभाईंनी उलटवलं, मग खुशालरावांनी पुन्हा उलटवलं. लोक आले. वकील, प्राध्यापक, कॉलेजची मुलं, अचलपूरहून आलेले दोन चित्रकलेचे शिक्षक. अंधारापुढे उभे राहून हळू आवाजात बोलत होते. जानराव दाराशी उभा होता. आपण घालवलेले कान आणि डोळे त्याला प्रत्येक फोटोत अजून दिसत होते. इतर कुणाला दिसत नव्हते. मग खरा फोटो कुणापुढे होता?

चित्र ३ पुढे एक जण नाक टेकेल इतक्या जवळ उभा होता. शेषराव.

"ऑफिसात याचा कागद लागला होता," तो म्हणाला. "पोलंड वाचलं. म्हटलं पाहू." मग पुन्हा त्या बाईकडे वळला. "हे मुद्दाम हाये?"

"हाव."

"काहून?"

"ते दिलेलं नाई."

शेषरावने मान हलवली, जणू हे उत्तर पुरलं. थोड्या वेळाने म्हणाला, "माह्या फोटोले पेन्सिल लावा म्हून मी नाई सांगतलं. मायनं सांगतलं असन. छापून आला तवा मलेच वाटलं, वण गेले काय. चार दिवस आरशात पाह्यलं नाई मी."

जानरावला हसू आलं आणि ते कुठे ठेवावं कळेना.

"तिनं मले उजेडात बोलावलं," शेषराव म्हणाला. "आजवर मले कोनी बोलावलं नाई. 'बस तठीच' म्हनतात." आणि मग, भिंतीकडे पाहत, "माहा एक काढसान का? तसाच. तिले द्या. नाई म्हनली त नाई."

गफ्फारभाईंनी समारंभासाठी कॅमेरा आणला होताच. हॉलच्या दारात, दुपारच्या उजेडात, एका बाजूने. "हिलना नै" म्हणाले, आणि शेषराव खरंच हलला नाही, फोटो झाल्यावरसुद्धा.

*

*चित्र १९. (मजकूर मिळाला नाही. जागा सोडावी.)*

निगेटिव्ह जानरावने घरी नेली. आधी तिला दाखवायची, मग काय ते, असं त्याने वाटेत ठरवलं होतं. शकुनने ती खिडकीशी धरली. ती फोटोवाल्याची पोरगी. लहानपणापासून निगेटिव्ह वाचायची, जशी दुसरी पोरं पाटी.

"छापून आना," ती म्हणाली.

"कसा छापू?"

"जसा हाये तसा."

"तसा म्हंजे कसा?" जानराव म्हणाला. हा आडमुठेपणा नव्हता. "सहा सेकंद उजेड देल्ला त तो गोरा निंगन, वण दिसनार नाईत. पंधरा देल्ला त अर्धं तोंडच जाईन. मधातले सारे आकडे हायेत. त्यातला कोन्ता आकडा तो हाये, मले काय ठाऊक?"

शकुनने निगेटिव्ह पाकिटात ठेवली, पायात चप्पल घातली. "चाला."

गफ्फारभाईंच्या डार्करूममध्ये दोन माणसं जेमतेम उभी राहतात. लाल बल्ब, तीन ट्रे, हायपोच्या औषधाचा वास. जानरावने निगेटिव्ह लावली, कागद ठेवला, आणि सवयीने बोट बटणावर ठेवलं. मग ते काढून घेतलं आणि बाजूला सरकला. तेवीस वर्षांत त्या बटणावरून तो सरकला नव्हता.

शकुनने बटण दाबलं. कागदावर उलटा शेषराव पडला, काळ्याचा पांढरा, पांढऱ्याचा काळा. जानराव मनात मोजू लागला. एक, दोन, तीन. ती मोजत नव्हती. ती पाहत होती. सात. आठ. आता बंद करायला हवं, असं त्याला वाटलं. नऊ. की अजून हवं? दहा. त्याला खरोखरच सांगता येईना.

"बस," ती म्हणाली, आणि बंद केलं.

कागद पहिल्या ट्रेत गेला. आधी कॉलर आली. मग कान. मग एक गाल, हळूहळू, वणांसकट. दुसऱ्या बाजूला काळं चढत गेलं. जानराव वाकून पाहत राहिला, त्या काळ्यातून काही वर येतं का. शकुनने चिमट्याने कागद उचलला आणि दुसऱ्या ट्रेत टाकला.

"दुसरा गाल राह्यला," तो म्हणाला.

"तो मी पाह्यन. रविवारी बोलवा त्याहीले." तिने ट्रे जरा हलवला, कागद पाण्यात फिरला. "आन बाबा, कणगी तठून सरकवा. बसाले जागा दारापाशी करा."

तो बाहेर आला. रस्त्यावरची माणसं नेहमीप्रमाणे चुकीची दिसत होती. पहिली दहा-बारा गेली. तो उभा राहिला, आणखी गेली. डोळे अजून ताळ्यावर येत नव्हते, आणि घरी जाऊन कणगी एकट्याने सरकेल की गफ्फारभाईंना बोलवावं लागेल, याचा तो विचार करत होता.